सांकवाळचा वाचक : धर्मानंद कोसंबी

पोर्तुगालात १९१० साली राजेशाही गेली आणि प्रजासत्ताक आले. त्यामागोमाग गोव्यातील हिंदूंना साडेतीनशे वर्षांहून अधिक काळ नाकारलेले नागरी समानतेचे हक्क मिळाले, आणि त्याच उघड्या झालेल्या वाटेने गोव्यात मराठी वृत्तपत्रे उभी राहिली. गोविंद पुंडलीक हेगडे देसाई यांचे केपे येथून निघणारे ‘भारत’ हे त्यांतले एक ठळक पत्र. १९१२ साली ते सुरू झाले. या पत्रातून सांकवाळच्या एका गृहस्थाची आत्मकथा क्रमशः येऊ लागली. तिचे नाव ‘निवेदन’. लेखकाचे वय तेव्हा छत्तीस. आत्मचरित्र लिहिण्याचे हे वय नव्हे. पण तोवर हा गृहस्थ काशीच्या अन्नछत्रात जेवून, नेपाळ व सिंहलद्वीप पालथे घालून, ब्रह्मदेशाच्या डोंगरात भिक्षू म्हणून राहून, हार्वर्ड विद्यापीठात पाली ग्रंथाचे संशोधन करून परतला होता. शालेय शिक्षणाचे म्हणावे तर त्याच्यापाशी जवळजवळ काहीच नव्हते.

ही धर्मानंद दामोदर कोसंबी यांची कथा.

मराठी वाचकाला त्या काळी कर्तबगार माणसाचे चित्र तीन ठिकाणी दिसे. एक, ऐतिहासिक कादंबरीत. गुंजीकरांच्या ‘मोचनगड’पासून हरिभाऊ आपट्यांच्या ‘उषःकाला’पर्यंत नायकाचे तेज त्याच्या कुळातून, रक्तातून आणि प्रसंगातून प्रकटत असे, ते तो कुठे शिकला, हे विचारण्याची गरज कोणाला भासत नसे. दुसरे, आत्मोन्नतीच्या पुस्तकांत. सॅम्युअल स्माइल्सचे १८५९ सालचे स्वावलंबनावरील पुस्तक इंग्रजी शिकलेल्या तरुणांच्या हाती होते, आणि त्यात उद्योग व चिकाटी यांच्या बळावर कोणीही काहीही होऊ शकतो असा दिलासा होता. तिसरे ठिकाण म्हणजे थोरांची छोटी चरित्रे. विनायक कोंडदेव ओक यांनी १८८१ साली मुंबईत मुलांसाठी ‘बालबोध’ मासिक काढले. त्याच्या अंकात एक चरित्र हमखास असे, आणि ज्या घरात दुसरे कुठलेच छापील वाङ्मय शिरत नव्हते अशा खेड्यापाड्यांतल्या घरांतही तो अंक पोहोचत असे. कोसंब्यांचे आयुष्य या तिसऱ्या प्रकारच्या लेखनाने वळवले. पहिल्या दोन प्रकारांतली गोड समजूत मात्र त्यांनी पुढे स्वतःच्या लेखनातून एकेक करून काढून टाकली.

त्यांचा जन्म ९ ऑक्टोबर १८७६ रोजी सांकवाळ येथे झाला. घर गौड सारस्वत ब्राह्मणाचे, उत्पन्न नारळीच्या बागेचे व थोडक्या शेतीचे. पोर्तुगीज अमलात सरकारी शाळा म्हणजे पोर्तुगीज भाषेची शाळा. मराठी शिकायचे तर गावात कोणी पंतोजी ठेवला असेल तेवढीच सोय. धर्मानंदांचे शिक्षण असेच तुटक झाले, आणि लवकरच त्यांना घरच्या कामात लक्ष घालावे लागले. १८९१ साली, वयाच्या पंधराव्या वर्षी, त्यांचे लग्न झाले. पत्नीचे नाव बाळाबाई. चारचौघांसारखा संसार सुरू झाला. माडांची देखरेख करावी, कुळांचा हिशेब पाहावा आणि वेळ मिळेल तेव्हा हाती येईल ते वाचावे, असा तो दिनक्रम होता. हाती येई ते मराठीच. इंग्रजी त्यांना येत नव्हते. संस्कृतही नाही. तुकारामांचे अभंग आणि कुठून तरी आलेली मासिके हीच त्यांची शाळा.

या वाचनात एके दिवशी ‘बालबोध’चा एक अंक होता आणि त्यात बुद्धाचे चरित्र होते. मुलांसाठी लिहिलेली ती काही पाने. राजवाडा, राजपुत्र, म्हातारा, रोगी, प्रेत आणि संन्यासी, मध्यरात्रीचे गृहत्यागाचे दृश्य. ऐतिहासिक अद्भुतकथेला लागते ते सारे त्या कथेत असतेच. धर्मानंदांवर या कथेचा झालेला परिणाम विलक्षण होता. पुढे गोविंद नारायण काणे यांनी एडविन अर्नोल्डच्या इंग्रजी काव्याच्या आधारे मराठीत लिहिलेले बुद्धचरित्रही त्यांनी वाचले आणि ते जवळजवळ पाठ होईपर्यंत वाचत राहिले. बुद्धाचा धर्म नेमका काय होता हे मूळ ग्रंथांतून जाणून घ्यायचे, हा एकच विचार त्यांच्या मनात घर करून बसला. पण मूळ ग्रंथ कोणत्या भाषेत आहेत, ते कुठे मिळतात, ते शिकवणारा कोण, यांतले काहीही सांकवाळात बसून कळण्याजोगे नव्हते. त्या वेळच्या महाराष्ट्रातही ते सांगू शकणारी माणसे मोजकीच होती. बुद्ध हा विष्णूचा नववा अवतार एवढी ओळख सर्वांना होती. त्यापलीकडची विस्मृती दाट होती.

१८९८ साली वडील वारले. १८९९ मध्ये मुलगी झाली, तिचे नाव माणिक. आणि त्याच वर्षाच्या अखेरीस धर्मानंदांनी घर सोडले.

या ठिकाणी चरित्रकाराची लेखणी सहसा झपाट्याने पुढे सरकते. ज्ञानाच्या ओढीने निघालेला तरुण आणि मागे राहिलेले घर; पहिल्याचे वर्णन करावे आणि दुसऱ्याविषयी एक हळहळीचे वाक्य लिहावे, असा प्रघात आहे. पण मागे एक तरुण स्त्री आणि तिच्या मांडीवर काही महिन्यांचे मूल होते. नवरा मरण पावलेला नाही, पण परत येईल याचीही खात्री नाही. गावातल्या बायकांच्या नजरा आणि प्रश्न यांना तोंड देत, आप्तांच्या आधारावर बाळाबाईंनी जवळपास सात वर्षे काढली. तिच्या बाजूची कथा कोणी लिहिली नाही. ‘निवेदन’ वाचताना धर्मानंदांनी स्वतःच्या वागण्याला फार मोठी तात्त्विक सफाई दिलेली नाही हे जाणवते. आपण काय केले ते ते सांगतात आणि पुढे जातात. त्यात प्रामाणिकपणा आहे. पण बाळाबाईंच्या वाट्याला आलेले त्यामुळे हलके होत नाही.

प्रथम ते पुण्यास गेले. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांच्यासारखा विद्वान त्यांना भेटला आणि प्रार्थनासमाजाच्या मंडळींचा थोडा आधार मिळाला. पण संस्कृतचे खरे अध्ययन करायचे तर काशीच गाठली पाहिजे, असे ठरले. खिशात पैसे नाहीत, अंगावर बेताचे कपडे. उज्जैन, इंदूर, ग्वाल्हेर अशी मजल दरमजल करत ते निघाले. या वाटेवर मराठी माणसाला एक आधार होता, तो आज सहसा ध्यानात येत नाही. शिंदे–होळकरांच्या राज्यांतील मराठी घरे, देवळे आणि धर्मशाळा यांमुळे कोकणातून निघालेल्या निष्कांचन विद्यार्थ्याला भाषा न बदलता अर्धा उत्तर हिंदुस्थान ओलांडता येत असे. १९०० साली ते काशीत पोहोचले.

काशीचे दिवस हालाचे होते. अन्नछत्रात एक वेळचे जेवण, राहायला कुठेतरी कोपरा आणि दिवसभर व्याकरणाची घोकंपट्टी. पंडित गंगाधरशास्त्री तैलंग यांच्या परंपरेत त्यांनी संस्कृतचे अध्ययन केले. चोविसाव्या वर्षी माणूस दहा वर्षांच्या बटूबरोबर बसून सूत्रे पाठ करू लागतो, तेव्हा त्याला आपल्या बुद्धीविषयी काय वाटत असेल याची कल्पना करता येते. उशिरा शिकणाऱ्याला एक फायदा मात्र असतो. आपण हे कशासाठी शिकतो आहोत ते त्याला ठाऊक असते. धर्मानंदांना संस्कृत हवे होते ते पुढच्या दाराची किल्ली म्हणून. शास्त्री होऊन दक्षिणा मिळवण्यासाठी नव्हे.

ते दार नेपाळात असेल अशा समजुतीने १९०२ च्या आरंभी ते काठमांडूला गेले. बुद्धाचा जन्म त्या बाजूचा, तेव्हा तेथे त्याचा धर्म जिवंत सापडेल अशी आशा होती. तेथे त्यांना पशुबळी दिसले, कर्मकांड दिसले, आणि ज्याच्या शोधात ते आले होते ते दिसले नाही. निराश होऊन ते बुद्धगयेला आले. तेथे पहिल्यांदा त्यांना उपयोगी माहिती मिळाली: बुद्धाचे उपदेश पाली भाषेत आहेत आणि पाली शिकायची तर सिंहलद्वीपाला जावे. सांकवाळ सोडल्यापासून दोन वर्षांहून अधिक काळ गेला होता, आणि आपल्याला कोणती भाषा शिकायची आहे हे त्यांना आत्ता नक्की कळले. जिथे माहितीच पोहोचत नाही तिथल्या बुद्धिमान माणसाचे किती आयुष्य केवळ पत्ता शोधण्यात जाते, याचा हा पुरावा आहे.

कलकत्त्याच्या महाबोधी सभेच्या मदतीने त्याच वर्षी ते कोलंबोला पोहोचले. तेथील विद्योदय विद्यालयाचे प्रमुख सुमंगलाचार्य हे थेरवाद परंपरेतील मोठे नाव. त्यांच्यापाशी धर्मानंदांनी दीक्षा घेतली आणि पालीचा अभ्यास सुरू केला. संस्कृतचा पाया पक्का झाल्यामुळे आता वेग आला. काही महिन्यांत त्रिपिटकातील ग्रंथ वाचता येऊ लागले. पालीला स्वतःची लिपी नाही. सिंहली, ब्रह्मी, सयामी अशा ज्या देशात जावे त्या देशाच्या लिपीत ती लिहिली जाते. म्हणून एक भाषा शिकताना त्यांना अनेक लिप्या शिकाव्या लागल्या. पुढे ते ब्रह्मदेशात गेले. तेथे सगाईंगच्या डोंगरात एका गुहेत राहून त्यांनी ध्यानाचा अभ्यास केला; बरोबर होता ज्ञानतिलोक नावाचा जर्मन भिक्षू, जो पुढे पाश्चात्त्य जगातील थेरवादी भिक्षूंचा अग्रणी ठरला. गोव्याचा सारस्वत आणि जर्मनीचा एक संगीतज्ञ ब्रह्मदेशातल्या गुहेत एकत्र बसले आहेत, ही गोष्ट कादंबरीत घातली असती तर टीकाकारांनी तिला असंभाव्य म्हटले असते.

त्यानंतर त्यांनी सारनाथ, कुशिनारा इत्यादी बुद्धाच्या पाऊलखुणांची ठिकाणे भिक्षूच्या वेषात हिंडून पाहिली. हातात भिक्षापात्र, पायी प्रवास. पण हळूहळू त्यांना एक अडचण जाणवू लागली. भिक्षूचे नियम पाळत महाराष्ट्रात राहून लोकांना पाली शिकवणे, ग्रंथ छापवून घेणे, विद्यापीठांच्या दारी जाणे अशक्य होते. आपण जे मिळवले ते आपल्यापाशीच संपणार असेल तर त्याचा उपयोग काय? १९०६ च्या सुमारास त्यांनी चीवर उतरवले. कलकत्त्यात नव्याने निघालेल्या राष्ट्रीय महाविद्यालयात व नंतर कलकत्ता विद्यापीठात ते पाली शिकवू लागले. याच काळात ते गोव्यात परतले आणि बाळाबाईंना व माणिकला भेटले. मुलगी सात वर्षांची झाली होती. वडिलांना ती पहिल्यांदाच कळत्या वयात पाहत होती. ३१ जुलै १९०७ रोजी त्यांना मुलगा झाला. हाच दामोदर, पुढे गणिती आणि इतिहासकार म्हणून जगाने ओळखलेला.

कलकत्त्यात मान होता, पगार चांगला होता. पण धर्मानंदांचे मन महाराष्ट्राकडे होते. बडोद्याचे सयाजीराव गायकवाड यांनी त्यांच्यापुढे एक प्रस्ताव ठेवला. महाराष्ट्रातील कोणत्याही गावी राहावे, दरमहा पन्नास रुपये घ्यावेत आणि बडोदे संस्थानासाठी दरवर्षी एक ग्रंथ लिहावा. कलकत्त्याचे वेतन याच्या कितीतरी पट. धर्मानंदांनी पन्नास रुपये पत्करले. हा व्यवहार दोन्ही बाजूंनी पाहण्याजोगा आहे. विद्वानाला दरबारी ठेवून त्याच्याकडून स्तुती करवून घेणारे राजे पुष्कळ झाले. विद्वानाने कुठे राहावे हेदेखील न सांगता त्याच्याकडून फक्त पुस्तके मागणारा राजा विरळा. बडोद्यात दिलेल्या व्याख्यानांतून ‘बुद्ध, धर्म आणि संघ’ हे त्यांचे पुस्तक १९१० साली झाले. साधी वाक्ये आणि मूळ पालीतून थेट आणलेला मजकूर असे त्याचे रूप होते. मराठीत बुद्धाविषयी कोणीतरी इंग्रजीचा टेकू न घेता लिहीत होते. भांडारकर प्रभृतींच्या पाठबळाने मुंबई विद्यापीठात पालीला स्थान मिळाले, त्यामागेही धर्मानंदांची खटपट होती.

त्याच वर्षी हार्वर्डचे बोलावणे आले. तेथील हेन्री क्लार्क वॉरन या विद्वानाने बुद्धघोषाच्या ‘विसुद्धिमग्ग’ या महाग्रंथाची संशोधित आवृत्ती हाती घेतली होती, पण तो १८९९ सालीच वारला. काम अपुरे पडून होते. प्राध्यापक चार्ल्स लॅनमन यांना ते पुरे करून हवे होते आणि हार्वर्डचेच प्राध्यापक जेम्स वूड्स यांनी मुंबईत धर्मानंदांना हेरले होते. ते अमेरिकेस गेले, झपाट्याने कामाला लागले, आणि थोड्याच काळात एका वेगळ्या प्रश्नाशी येऊन ठेपले. ग्रंथावर नाव कोणाचे? लॅनमन यांना कोसंबी मदतनीस म्हणून हवे होते; पाठभेद निवडण्याचे, अशुद्धे दुरुस्त करण्याचे, म्हणजे संपादनाचे मुख्य काम मात्र कोसंबी करत होते. इंग्रजी जेमतेम येणारा, पदवी नसलेला, वसाहतीतून आलेला माणूस आणि आपल्या क्षेत्रात सर्वमान्य असलेला अमेरिकन पंडित यांच्यातली ही तेढ होती. धर्मानंदांनी पडते घेतले नाही. काम अर्धवट सोडून १९१२ च्या आरंभी ते परत आले.

आत्मोन्नतीच्या पुस्तकांत जे सहसा सापडत नाही ते इथे आहे. परिश्रम केले की फळ मिळते, एवढे ती पुस्तके सांगतात. फळावर चिठ्ठी कोणाच्या नावाची लागते, याचे प्रकरण त्यांत नसते. धर्मानंद गुहेत राहून आलेले होते, मानापमान समान मानण्याचा उपदेश त्यांना पाठ होता. तरीही विद्येच्या व्यवहारात श्रमाचे श्रेय सोडणे म्हणजे वैराग्य नव्हे, अशी त्यांची धारणा दिसते. अमेरिकेत त्यांनी आणखी एक गोष्ट शिकून घेतली. तेथे त्यांनी समाजवादावरची पुस्तके वाचली, आणि श्रम कोणाचे व लाभ कोणाचा हा प्रश्न त्यांच्या मनात पुढे कायम राहिला.

परतल्यावर ते पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात पालीचे प्राध्यापक झाले. १९१२ ते १९१८ ही सहा वर्षे त्यांच्या आयुष्यातली सर्वांत स्थिर वर्षे. पु. वि. बापट, ना. के. भागवत यांच्यासारखे शिष्य तयार झाले आणि मराठी प्रदेशात पाली अध्ययनाची परंपरा उभी राहिली. ‘बुद्धलीलासारसंग्रह’, ‘लघुपाठ’ अशी पुस्तके निघाली. आणि याच काळात ‘भारत’मधून ‘निवेदन’ येत होते, जे पुढे १९२४ साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाले.

‘निवेदना’चे वेगळेपण त्याच्या सुरात आहे. मराठीत तेव्हा आत्मपर लेखन मोजके होते. रमाबाई रानड्यांच्या आठवणी १९१० साली आल्या, धोंडो केशव कर्व्यांचे आत्मवृत्त १९१५ साली. त्यांत धर्मानंदांचे लेखन शोभून दिसते, कारण ते स्वतःविषयी लिहिताना स्वतःला नायक करत नाहीत. उपासमार, आजार, फजिती, चुकलेली वाट, उसने घेतलेले पैसे, भेटलेल्या माणसांचा चांगुलपणा व कंजूषपणा, सारे एकाच शांत आवाजात येते. आपली बुद्धी अलौकिक आहे असा भास ते कुठेही होऊ देत नाहीत. वाचणारा सांकवाळचा, मडगावचा किंवा म्हापशाचा तरुण असेल तर त्याला त्यातून एवढेच उमगे, की आपल्यासारखाच एक जण निघाला आणि विचारत विचारत गेला. हेगडे देसाईंच्या पत्राने नव्याने वाचू लागलेल्या गोमंतकीयांपुढे हे लेखन ठेवले, हे त्या पत्राचे मोठे काम मानले पाहिजे.

१९१८ साली ते पुन्हा हार्वर्डला गेले. या खेपेला माणिक आणि दामोदर बरोबर होते. बाळाबाई व धाकट्या मुली मागे राहिल्या. ज्या मुलीला काही महिन्यांची असताना सोडून ते निघाले होते, ती आता रॅडक्लिफ महाविद्यालयात शिकून पदवीधर झाली. मुलगाही पुढे हार्वर्डचाच पदवीधर झाला. यात प्रायश्चित्ताचा अंश किती आणि बापाचा सहज अभिमान किती, ते सांगता येत नाही. १९२२ मध्ये परत आल्यावर ते गांधीजींच्या गुजरात विद्यापीठात अहमदाबादला राहिले. ‘विसुद्धिमग्गा’चे काम मात्र संपत नव्हते. १९२६-२७ मध्ये तिसऱ्यांदा आणि १९३१-३२ मध्ये चौथ्यांदा त्यांना अमेरिकेची वारी घडली. मध्ये १९२९ साली ते लेनिनग्राडला जाऊन शिकवून आले. १९३० साली मिठाच्या सत्याग्रहात उतरून त्यांनी अटक करवून घेतली. १९३७ साली मुंबईत परळच्या कामगार वस्तीत ‘बहुजनविहार’ उभा राहिला, तो त्यांच्या पुढाकाराने. राजवाड्यातल्या राजपुत्राच्या कथेने सुरू झालेला प्रवास गिरणगावाच्या चाळींपाशी येऊन थांबला होता.

त्यांच्या ग्रंथांत सर्वांत अधिक वाचला गेला तो ‘भगवान बुद्ध’, १९४०-४१ मध्ये दोन भागांत निघालेला. हा ग्रंथ वाचताना ‘बालबोध’च्या त्या अंकाची आठवण ठेवली पाहिजे. ज्या दृश्यांनी त्यांना तरुणपणी वेड लावले, तीच दृश्ये साठीच्या उंबरठ्यापलीकडे गेलेल्या धर्मानंदांनी एकेक करून तपासली आणि बाजूला काढली. शुद्धोदन हा वैभवशाली सम्राट नव्हता. शाक्य हे कोसलांच्या अंकित असलेले छोटे गणराज्य होते आणि तो त्यांतला शेती करणारा एक प्रमुख. म्हातारा, रोगी, प्रेत आणि संन्यासी ही चार दृश्ये प्राचीन सुत्तांत गौतमाच्या नावावर नाहीत. ती ‘महापदान सुत्ता’तल्या विपस्सी बुद्धाच्या कथेतून नंतर इकडे आली. गौतम मध्यरात्री चोरपावलांनी निघून गेला, हेही खरे नाही. ‘अरियपरियेसन सुत्त’ सांगते की तो निघाला तेव्हा आईबाप अश्रू ढाळत होते, म्हणजे त्याचे जाणे त्यांच्या डोळ्यांसमोर झाले. मग तो का गेला? धर्मानंदांच्या मते रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य आणि कोलीय यांच्यात चाललेल्या शस्त्रांच्या भांडणाला विटून. पाण्यावरून शेजारी एकमेकांवर शस्त्र उगारतात हे त्याला पाहवले नाही. ‘सुत्तनिपाता’तील ‘अत्तदंड सुत्त’ हा त्यांचा मुख्य आधार.

या उपपत्तीवर पंडितांत वाद झाले आणि आजही सर्वांना ती मान्य नाही. पण डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या बुद्धचरित्रातही गृहत्यागाचे कारण रोहिणीच्या पाण्याचा तंटा हेच आहे. याच ग्रंथात बुद्धाच्या अखेरच्या भोजनाची चर्चा करताना प्राचीन काळी जैन श्रमणही मांस घेत असत असे धर्मानंदांनी लिहिले, त्यावरून जैन समाजात मोठा क्षोभ उसळला. गंमत अशी, की जैन तीर्थंकर पार्श्वनाथाच्या चातुर्याम धर्माविषयी त्यांना अतिशय आदर होता आणि त्यावर त्यांनी स्वतंत्र पुस्तक लिहिले. आपल्याला प्रिय असलेल्या थोर पुरुषाभोवतीची सजावट काढून टाकली की त्याचा अपमान होतो, असे त्यांना कधी वाटले नाही. उलट पाण्याच्या भांडणाने व्यथित झालेला एक तरुण शेतकरी त्यांना स्वर्गीय रथातल्या राजपुत्राहून मोठा वाटला.

गृहत्यागाचे ते प्रकरण लिहिताना सांकवाळचे घर त्यांच्या डोळ्यांपुढे आले असेल काय? ग्रंथात तसा एक शब्दही नाही. पण चोरून नव्हे, रडणाऱ्या माणसांसमोरून निघाला, हा मुद्दा त्यांनी ज्या आग्रहाने मांडला आहे तो केवळ पाठचिकित्सेचा आग्रह वाटत नाही.

अखेरच्या वर्षांत प्रकृती ढासळली. आता आपल्या हातून काही काम होणार नाही आणि दुसऱ्यांवर भार होऊन राहणे बरे नाही, असे वाटून त्यांनी पार्श्वनाथाच्या परंपरेला धरून अन्नत्यागाचा विचार केला. गांधीजींनी एकदा त्यांना त्यापासून परावृत्त केले. शेवटी सेवाग्राम आश्रमात त्यांनी पुन्हा उपवास धरला आणि ४ जून १९४७ रोजी देह ठेवला. देशाच्या फाळणीचा निर्णय त्याच आठवड्यात जाहीर झाला होता. वृत्तपत्रांना दुसऱ्या कशासाठी जागा नव्हती. दिल्लीच्या प्रार्थनासभेत गांधीजींनी मात्र त्यांची आठवण काढली. आपली जाहिरात न करता काम करून गेलेला माणूस, असा त्या बोलण्याचा आशय होता.

‘निवेदन’ पुढे त्यांची नात, समाजशास्त्रज्ञ मीरा कोसंबी यांनी इंग्रजीत नेले. ‘विसुद्धिमग्गा’ची देवनागरीतील आवृत्ती धर्मानंदांनी स्वतः १९४० साली मुंबईच्या भारतीय विद्या भवनाकडून काढून घेतली होती, हार्वर्डची वाट न पाहता. हार्वर्डची आवृत्ती त्या विद्यापीठाच्या प्राच्य ग्रंथमालेत एक्केचाळिसावा ग्रंथ म्हणून १९५० साली बाहेर पडली. काम सुरू होऊन चाळीस वर्षे झाली होती आणि धर्मानंदांना जाऊन तीन. मुखपृष्ठावर संपादक म्हणून वॉरनचे नाव आहे. त्याखाली, संशोधक म्हणून, धर्मानंद कोसंबी.